साहेबांची हरकत नव्हती

माणूस गेल्यावर त्याच्याविषयी चांगलं बोलावं, ही रीत आहे. नगरपालिकेच्या मुख्याधिकाऱ्यांच्या बाबतीत ती बातमी फुटण्याच्या थोडी आधीच पाळली गेली. ते खुर्चीत मरून पडले होते आणि बाहेर रांगेत एकच चर्चा होती, की साहेब किती सुधारले!

साहेब वादग्रस्त होते. (अर्ध्या गावाची बांधकामं पाडली म्हणून, आणि उरलेल्या अर्ध्याची पाडली नाहीत म्हणून.) सही केली की माणूस सापडतो, म्हणून ते सही करत नसत. अर्जदाराने समोर उभं राहून अर्ज वाचायचा. साहेब "नाही" म्हणाले की विषय संपला. गप्प राहिले तर दाराबाहेर बसलेले हेडक्लार्क शिक्का मारत: 'साहेबांची हरकत नाही'.

त्या दिवशी साहेब सकाळपासून गप्प होते. एरवी शंभरात दोन अर्ज सुटायचे, त्या दिवशी झाडून सगळे सुटले. (नाल्यावरचा बंगलासुद्धा. नाल्याचं म्हणणं कोणी विचारलं नाही.)

दुपारी हेडक्लार्क स्वतः आत गेले. चहावर साय धरली होती, साहेबांच्या चष्म्यावर माशी निवांत बसली होती. त्यांच्या मनात पाल चुकचुकली. पण खिशात वरच्या मजल्याचा अर्ज होता, आणि घरी एका स्वयंपाकघरात सासू-सून. त्यांनी अर्ज वाचला. साहेब गप्प राहिले.

संध्याकाळी झाडूवाल्या मावशी "साहेब, पाय उचला" म्हणाल्या, तेव्हा बिंग फुटलं.

चौकशी कसून झाली. प्रत्येक अर्जदाराने शपथेवर सांगितलं, की आपला नंबर होईपर्यंत साहेब जिवंत होते. शेवटच्याला तर त्यांनी तब्येत विचारली होती. एवढ्या साक्षींपुढे डॉक्टरांचं काय चालणार? त्यांनी लिहिलं: मृत्यू कार्यालयीन वेळेनंतर, कारण अज्ञात.

साहेबांची बायको हेडक्लार्कांच्या घरी आली. "भाऊ, सकाळी निघतानाच त्यांच्या छातीत कळ आली होती. कोणी वेळेवर बघितलं असतं, तर वाचले असते का हो?"

हेडक्लार्कांना स्वतःची लाज वाटली, अगदी मनापासून वाटली. पण वरच्या मजल्याचा स्लॅब टाकून झाला होता.

"वहिनी, संध्याकाळपर्यंत ठणठणीत होते," ते म्हणाले.

ती बाई अजून दारोदार विचारत फिरते. उद्या तुमच्याकडेही येईल. खरं सांगायला कोणाचीच हरकत नाही. फक्त त्याआधी आपल्या गॅलरीच्या परवानगीवरची तारीख तेवढी बघून घ्या.