हाशागेन शेटींनी पत्नीस काव्य ऐकविले त्याची हकीकत

वेझर नदीचे तीरी, ब्रेमेन शहरी, केलमंडळाचे मुखत्यारांनी आज्ञा केली जे, फेब्रुवारीतील युद्धाचा मजकूर जैसा घडला तैसा लिहावा, कोणाची भीडमुरवत धरू नये. आज्ञा शिरसावंद्य मानून लिहिले आहे.

राजमान्य राजश्री डीडेरिख हाशागेन, कॉफीचे सौदागर, मोठे मातबर. कच्चा दाणा नाकाशी धरावा आणि कोणत्या डोंगराचा ते सांगावे, ऐशी नाकाची कीर्ती हांबुर्गपावेतो. पुढे साठी जवळ आली, आणि एके दिवशी धक्क्यावर उभे असता काव्य सुचले, आणि घात जाहला. व्यापार पुतण्याचे हवाली केला, आणि वखारीचा माळा झाडून तेथे कलेचा दरबार मांडला. मग चित्रकार आले, कवी आले, आणि एक बासरीवाला आला तो जेवून निजला तो तेथेच राहिला. शेटींनी एक ओळ वाचावी, दरबाराने ‘अद्भुत’ म्हणावे, मग सूप यावे, ऐसा शिरस्ता पडला. दुसरी ओळ वाचण्याचा प्रसंग क्वचित येई.

परंतु नाक अद्याप शाबूत होते. तारिफेस सुपाचा वास येतो, हे त्यांस कळे आणि रात्रंदिवस छळी. आपले नदीकाव्य खरेच काव्य आहे की नाही, हे एकदा कोणी खरे सांगावे, हा एकच ध्यास. खरे सांगणारे माणूस घरातच होते. पत्नी मेटाबाई, पेशाने दंतवैद्य; दुखेल तर दुखेल म्हणून तोंडावर सांगत. परंतु नवऱ्याने कागद उलगडला की बाई उठत आणि म्हणत, “थांब जरा, ओव्हनमध्ये केक आहे.” आणि केक नसे.

मग शेटींनी मसलत केली. केलमंडळाचा जुना कायदा ऐसा की, हिवाळ्यात गावाबाहेर पायी कूच करावे, मुक्कामाचे खानावळीत केलची, म्हणजे कुरळ्या पानांच्या कोबीची, भाजी आणि पिंकेल नामे जाडजूड सॉसेज यांवर तुटून पडावे, आणि जो सर्वांहून अधिक वजन पोटात घालील तो केलराजा. राजा भाषण करू लागला म्हणजे दरवाजास कडी लागे, आणि कोणी उठू नये, ऐसा सक्त हुकूम. या हुकुमास मेटाबाईही बांधील. तेव्हा गादी मिळवावी, ऐसा निश्चय जाहला.

ठरले दिवशी दोन प्रहरी लष्कर निघाले. अग्रभागी श्नाप्स दारूचा हातगाडा, गळ्यात दोरीने बांधलेले पेले, आणि प्रत्येक चौरस्त्यास थांबून एकेक घोट. खानावळीत बटाटे तोलण्याचे तराजूवर प्रत्येक वीर तोलला, आणि रण माजले. दरबारी कवी पहिल्याच हल्ल्यात कामास आले, कारण शेटींनी निघण्यापूर्वी त्यांस वखारीत पोटभर जेवू घातले होते, आणि नाही म्हणणे त्यांस ठाऊक नव्हते. उरला एकच गनीम, नदीवरील वाटाड्या ओन्नो फ्लेस्नर, मागील सालचा राजा. तो थंडपणे ताटामागून ताट रिचवू लागला. शेटींचा श्वास कोंडला, डोळे पांढरे होऊ लागले. मग त्यांनी रसद तोडली. मोहरीच्या चटणीचे भांडे ओढून सारी चटणी आपले ताटात ओतली.

“अहो हाशागेन, मोहरी द्या की इकडे,” ओन्नो म्हणाला.

“संपली.”

“सगळी? मग पिंकेल खायचं कशाशी?”

“तसंच खा.”

“तसंच खायला मी काय जनावर आहे?” ऐसे म्हणून ओन्नोने खाण्याचा काटा खाली ठेविला. तत्त्वाचा माणूस, तत्त्वापायी गादीस मुकला. शेटी पुन्हा तराजूवर चढले आणि जय जाहला. राजचिन्ह म्हणून डुकराच्या जबड्याची माळ गळ्यात पडली, दरवाजास कडी लागली.

मग केलराजांनी कोटाचे अस्तरातून नदीकाव्य काढिले. मेटाबाईंनी दाराकडे पाहिले, कडीकडे पाहिले, आणि हात मांडीवर ठेवून बसल्या. काव्य उगमापासून निघाले. पहिल्या वळणास बासरीवाला पडला, पुढील पुलापाशी चित्रकार पडले, आणि समुद्र येईतो ओन्नोसुद्धा सारे लष्कर घोरत पडले. राजांस मधूनमधून उचकी लागे, तरी खिंड सोडली नाही. शेवटची ओळ वाचून कागद मिटला तेव्हा जाग्या ऐशा एकट्या मेटाबाई.

“कसं वाटलं?” राजांनी विचारिले.

“वाईट आहे रे,” बाई म्हणाल्या. “फार लांब, आणि जिथं तिथं सूर्य मावळतो. पण ते धुक्यातल्या भोंग्याचं कडवं... बोट दिसत नाही, नुसता भोंगा ऐकू येतो, आणि धक्क्यावरची बाई उभीच राहते. ते बरं आहे.”

“खरंच बरं?”

“तुला बरं वाटावं म्हणून मी आजवर काही बोललेय का?”

राजांचे डोळ्यांस पाणी आले. बाईंनी रुमाल दिला आणि म्हणाल्या, “ते एवढं परत वाच.” आणि राजांनी ते परत वाचिले.

इतक्यात दरबारी कवी जागे जाहले आणि डोळे चोळीत एकमुखाने म्हणाले, “अद्भुत!”

येणेप्रमाणे फत्ते जाहली. लुटीस आले ते डुकराचा जबडा एक आणि चांगले कडवे एक. आणि केलराजांनी गादीवरून पहिला हुकूम फर्माविला तो येथे नोंदिला आहे: वखारीतील जेवण पूर्ववत चालावे, तारीफ आजपासून माफ.