फेट्याआडून लहानूराव सोडविले त्याची हकीकत

रायपुरी चौबे कॉलोनीत जे रण माजले त्याचे वर्तमान जो तो आपलेच सांगतो, सबब आम्ही साद्यंत लिहितो. ज्यास खोटे वाटेल त्याने खुशाल येऊन पुसावे.

प्रफुल्लराव मेश्राम हे स्वतंत्र चित्रपटकर्ते, म्हणजे ज्यांस ना निर्माता ना पगार, ऐसे बहादूर. त्यांनी प्रथम माहितीपटाची मोहीम काढोन तळी बुजविणारांचे सत्य दाखविले, तेव्हा अंमलदार बोलिले की हे सर्व कल्पित. मग इरेस पेटोन कल्पित चित्रपट काढिला, तेव्हा तेच अंमलदार बोलिले की ही आमचीच बदनामी. परमुलखी वाहवा जाहली आणि घरी मातोश्री कलावतीबाई पुसत्या जाहल्या, "पोट्ट्या, नोकरी कधी करशीन?"

मग त्यांनी वडील लहानूराव, रेल्वेतील फिटर, यांजवरच माहितीपट केला. चित्रण पुरे होते न होते तो लहानूराव कालकथित जाहले. मातोश्रींनी हुकूम केला की लॅपटॉपवर पाहणार नाही, चार लोकांत मानाने पाहीन. धनी पुन्हा एकवार पाहावे म्हणोन त्यांचा जीव तळमळत होता.

समाजमंडळाचे अध्यक्ष अनंतराव यांनी सभागृह दिले, आणि मंडळाचे रिवाजाप्रमाणे मंचावर पाहुण्यांचे सोफे मांडिले, आणि सोफ्यांचे पाठीशी पडदा लाविला! बुद्धवंदना जाहली, मग नवा रायपूर येथील सरकारी कचेरीतून आलेल्या बड्या साहेबांस तुर्रेदार फेटा बांधिला, मग मातोश्रींस शाल देऊन त्यांचे शेजारी बसविले, मग भाषणे जाहली, ती बापा संपता संपेनात.

अखेर दिवे मालविले. लहानूराव बोलू लागले, तो साहेबांचे फेट्याची सावली नेमकी त्यांचे मुखावर, तुरा थेट नाकात! मातोश्रींची पडद्याकडे पाठ. आवाज कानी येतो आणि माणूस दिसत नाही. प्रफुल्लरावांनी अर्ज केला की सोफे हलवावे. अनंतरावांनी फर्माविले की पाहुण्यांनी लोकांस पाठ दाखविणे बेअदबी होय, पडद्यास दाखविणे हा दस्तूर. आणि अंमलदारांशी दोन लढाया दिलेला वीर मुकाट मागे फिरला. शरम वाटते, परंतु लिहिणे प्राप्त.

मग मातोश्री शाल टाकोन उठल्या, मंच उतरल्या, पुढील सतरंजीवर बसकण मारोन भर सभेत गर्जल्या, "ओ साहेब, उठा तिथून! माह्या माणसाच्या तोंडावर तुमचा फेटा येऊन राहिला!"

साहेब उठले. साहेब उठले म्हणोन अनंतराव उठले, आणि अनंतराव उठले म्हणोन अवघा मंच उठला. पडद्यावर लहानूराव सबंध दिसले, लेकास म्हणाले, "कायले विचारून राहिला बे एवढं? चहा घे आधी." मातोश्री हसल्या, मग पदर डोळ्यांस लाविला तो अखेरपर्यंत काढिला नाही.

चित्रपट सरला, दिवे लागले. अनंतराव आभारप्रदर्शनास सरसावले, तो मातोश्रींचे फर्मान सुटले, "पोट्ट्या, पुन्हा लाव."

आभारप्रदर्शन जागीच बारगळले. प्रफुल्लरावांचे अवघे कारकिर्दीत ऐसा हुकूम कोणी केला नव्हता. फत्ते मातोश्रींची जाहली, हे खरे जाणोन येथे दाखल केले असे.