सर डिग्बींनी दिलेली खिडकी

मॅलकी डर्कनच्या घराला खिडकी नव्हती. ही तक्रार नव्हे, वस्तुस्थिती आहे. आयर्लंडच्या कॉनॉट प्रांतातल्या त्या गावात कुठल्याच कुळाच्या घराला खिडकी नव्हती, कारण घरात राहायचं कुळांनी असलं तरी भिंती मालकांच्या होत्या, आणि भिंतीला भोक पाडायचं तर मालकांची लेखी परवानगी लागे. मालक सर डिग्बी मॉन्टक्रो लंडनला राहत. तिथे पार्लमेंटात ते आयर्लंडच्या सुधारणेवर बोलत. हे काम एवढं मोठं होतं, की आयर्लंडला यायला त्यांना सवडच होत नसे.

मॅलकीची बायको ऊना मलमलीवर बारीक भरतकाम करायची. घरात धूर आणि अंधार, म्हणून ती दार उघडून उंबऱ्यात बसे. तरी डोळे अधू होतच चालले होते. मॅलकीने खिडकीसाठी अर्ज केला. त्याला सात वर्षं झाली.

आठव्या वर्षी निवडणूक लागली आणि मालकांना आपल्या कुळांची आठवण अनावर झाली. ते गावी आले, तेव्हा रिवाजाप्रमाणे कुळांनी वेशीवर त्यांच्या बग्गीचे घोडे सोडले आणि त्यांच्या जागी स्वतःला जुंपून घेतलं. हे सगळं अगदी उत्स्फूर्त होतं. कारभारी मिस्टर हॅकेट नुसती हजेरी घेत होते. चढावर दम खायला बग्गी थांबली, तसा मॅलकीने दोर सोडून अर्जाची नक्कल पुढे केली.

मालकांनी ती खरोखर वाचली. त्यांचे डोळे पाणावले.

"अंधारात? माझी माणसं? हॅकेट, याला खिडकी द्या!"

"देऊ की, साहेब. फक्त भिंत आपली आहे. फोडली तर नुकसान आपलंच."

"मग न फोडता द्या."

हुकूम स्पष्ट होता. तिसऱ्या दिवशी रंगारी आला आणि त्याने रस्त्याकडच्या भिंतीवर झकास खिडकी काढली. चार तावदानं, निळा पडदा, कुंडीत लाल फूल. ऊनाने तिच्यावरून हात फिरवला.

"काच गार लागत नाही रे."

"नवी आहे ना," मॅलकी म्हणाला.

"मग मालकांना म्हणावं, आता आत एक दिवाही काढून द्या."

दुसऱ्या दिवशी हॅकेट आले ते तणतणतच. "ही बाई दारात का बसलीय?"

"उजेडासाठी, साहेब."

"अरे, खिडकी असलेल्या घरातली बाई उजेडासाठी दारात बसते, म्हणजे खिडकी कामाची नाही असा अर्थ होतो! मालकांचे लंडनचे पाहुणे रोज इथून जातात. हा सरळ सरळ मालकांचा अपमान आहे. दार लावून घ्या."

दार लागलं. ऊनाची सुई आता कापडापेक्षा बोटांतच जास्त शिरू लागली. मॅलकीचं रक्त उसळलं. तो राग खरा होता, त्याबद्दल शंका नको. मतदानात उट्टं काढायचंच, असं त्याने ठरवलं. मत सगळ्यांदेखत, हॅकेटसमोर, मोठ्याने सांगायचं असे, तरीही ठरवलं.

मतदानाला जाताना शेजारचा फेस्टस भेटला.

"तुझं बरं आहे बाबा," तो कुरकुरला. "खिडकीवाला झालास. आम्हाला कोण विचारतंय?"

"तुझ्याकडे नाही का काढली?"

"कुठली! कचेरीपुढे रांग लागलीय नुसती. माझी बायको तर म्हणते, आपल्या खिडकीत मांजरही पाहिजे."

मॅलकीची मान नकळत ताठ झाली. एवढ्या गावात खिडकीवाला तो एकटाच होता.

तो घरी आला तेव्हा ऊना अंधारात चाचपडत दोरा ओवत होती.

"मत कुणाला दिलंस?"

"मालकांना."

"मालकांना? का रे?"

"मागच्या भिंतीलाही देणार म्हणालेत. याहून मोठी."

ऊनाने सुई खाली ठेवली. वाचकहो, मॅलकीला खुशाल हसा; फक्त हसण्याआधी तुम्हाला मिळालेल्या खिडकीवरून एकदा हात फिरवून घ्या.