पास्तिएरासाठी भिजवलेले गहू

अद्वयने मंगळवारी किलोभर गहू भिजत घातले आणि घरात कुणाला अवाक्षरही सांगितलं नाही. इथेच सगळं बिनसलं.

कारण होतं ऐश्वर्या. ती वर्षभर नेपल्सला नोकरी करून आलेली. ईस्टरला तिकडे घरोघरी पास्तिएरा नावाचा केक करतात. बाहेर लोण्याच्या पिठाची पारी, आत रिकोटा म्हणजे दुधाचं मऊ चीज आणि भिजवून शिजवलेले गहू. "या वर्षी मिस करणार यार," असं ती फोनवर म्हणाली आणि प्रेमात पडलेल्या माणसाची जीभ सुटते तशी याचीही सुटली. "मी करतो ना! रविवारी ये." ती आईलाही आणणार होती, मुलगा दाखवायला. म्हणजे केक फसला तर नुसता केक फसणार नव्हता. मागच्या एका केकवरून बाबांनी त्याला वर्षभर चिडवलं होतं, म्हणून केकचा सगळा कारभार गुपचूप; घरात फक्त पाहुणे येणार एवढंच ठाऊक.

शुक्रवारी संध्याकाळी घोडबंदर रोडचा ट्रॅफिक तुडवून तो घरी पोचला, तर पातेलं रिकामं. हेमाताई, म्हणजे आई, मिक्सर धूत होत्या.

"कुरडयांसाठी गहू भिजवलेस होय रे? मी यंदा विसरलेच होते, आणि लेकाला आठवण! रोज पाणीसुद्धा बदललंस! वाटून चीक काढलाय बघ. उद्या सकाळी घालू."

डोळे भरून आलेल्या आईला "ते केकचे होते" असं सांगायला वाघाचं काळीज लागतं. शनिवारी सकाळी अद्वय गॅलरीत सोऱ्या दाबत बसला.

गव्हाऐवजी दलिया घालू, अशी त्याने मनाची समजूत घातली. दुपारी दूध फाडून रिकोटा फडक्यात टांगला, पीठ मळून गोळा फ्रिजमध्ये ठेवला. राहिलं फक्त केकला सुवास देणारं संत्र्याच्या फुलांचं पाणी. त्यासाठी रविवारी तो टेंभी नाक्यापर्यंत जाऊन आला. पाणी मिळालं नाही. घरी आला तर तळणाचा खमंग वास.

"तुझा चक्का जरा रवाळ झालेला," आई म्हणाली, "पण पुरणयंत्रातून काढला आणि साखर-वेलची घातली. पाहुण्यांना श्रीखंड हवंच. तुला कसं रे सगळं सुचतं!"

"आणि त्या गोळ्यात मोहन काय झकास पडलंय!" कढईपाशी उभे असलेले बाबा झारा हलवत म्हणाले. "म्हटलं, शंकरपाळे आपण तळू."

अद्वय मटकन स्टुलावर बसला.

संध्याकाळी ऐश्वर्या आणि तिची आई आल्या. समोर श्रीखंड, शंकरपाळे, तळलेल्या कुरडया. ऐश्वर्याने ओट्याकडे डोकावत विचारलं, "केक?"

आता लपवण्यासारखं काही उरलंच नव्हतं. अद्वयने मंगळवारपासूनचं सगळं सांगून टाकलं.

"अरे मेल्या, तोंड उघडायचंस तरी!" आईने कपाळावर हात मारला. बाबा गपचूप शंकरपाळे खात राहिले.

ऐश्वर्या हसत सुटली. हसता हसताच तिने शंकरपाळा श्रीखंडात बुडवला, वर कुरडई चुरली आणि डोळे मिटून खाल्लं. "सेम नाही. पण सगळं आहे रे यात!"

अद्वयचा जीव भांड्यात पडला.

ऐश्वर्याची आई मात्र गंभीर होत्या. त्यांनी एक कुरडई उजेडात धरली.

"गहू तूच भिजवलेले?"

"हो, काकू."

"सोऱ्या कोणी दाबला?"

"मीच."

काकू हेमाताईंकडे वळल्या. "कॅलेंडर आहे का हो घरात?"

अद्वयचे कान लाल झाले. ऐश्वर्याने हळूच ओढणी सारखी केली. बाबांनी लगबगीने भिंतीवरचं कॅलेंडर काढून दिलं.

"पुढचा रविवार बरा दिसतोय," काकू म्हणाल्या. "मानपाड्याला आमची गच्ची मोठी आहे. पाच किलो भिजवते. मुलाला पाठवाल ना?"

हेमाताईंनी कॅलेंडर आपल्याकडे ओढलं.

"पुढच्या नको, त्याच्या पुढच्या रविवारी घेऊन जा. पुढच्या रविवारी मला त्याच्याकडून साबुदाण्याच्या पापड्या करून घ्यायच्यात."