आबांच्या भाषणाची साफसफाई

विजयसिंहांना झेडपीचं तिकीट हवं होतं, पण सांगण्यासारखं स्वतःचं कर्तृत्व काडीचं नव्हतं. म्हणून त्यांनी वडिलांचं काढलं. कै. बबनराव आबांनी छत्तीस वर्षांपूर्वी गावात ठोकलेल्या भाषणाची कॅसेट ट्रंकेत सापडली. "हा आपला सांस्कृतिक ठेवा हाय," म्हणत त्यांनी ती बीडला श्रीशैलच्या स्टुडिओत नेली. आबांच्या जयंतीला पक्षाचे निरीक्षक येणार होते. त्यांना आबांचा आवाज ऐकवायचा आणि तिकीट पदरात पाडून घ्यायचं, असा बेत होता.

श्रीशैलनं फितीवरची बुरशी पुसली, तुटलेली जागा जोडली, खरखर काढली. आवाज स्वच्छ झाला आणि तिथंच घोटाळा झाला. खरखरीखाली इतकी वर्षं दबलेला एक माणूस ठणठणीत ऐकू येऊ लागला. "सायेब, नांदूरघाटचा रस्ता कवा?" दर दोन मिनिटांनी तेच!

"कोण हाय बे हा?"

"माईकजवळ बसला असंल, दादा. आबांपेक्षा ह्याचाच आवाज मोठा हाय."

"कापून टाक!"

"मग आबा बी कापले जात्याल. दोघं एकदमच बोलायलेत."

शेवटी संगणकानं दोन आवाज वेगळे करून दोन फाइली केल्या. मोठा आवाज म्हणून तो माणूस एक नंबरला आणि आबा दोन नंबरला.

"एक नंबर पुसू का, दादा?"

"तुझा काय भरवसा? इरोधकांना देशील. दोनी पेन ड्राइव्हमधी टाक अन् तुज्याकडचं समदं पुस!"

जयंतीला निरीक्षक दीड तास उशिरा, कंबर धरून गाडीतून उतरले. नांदूरघाटचा रस्ता अजून तोच होता.

"दादा, फाइली दोन हायेत," मंडपवाल्या सोमलिंगनं विचारलं. "कंची लावू?"

"इचारतो काय? आबा कवा दोन नंबरला व्हते का?"

विजयसिंह हात जोडून, डोळे मिटून माईकपुढे उभे राहिले. कर्णा घुमला, "सायेब, रस्ता कवा?"

बायकांतून सत्यशीला उठल्या. "अगं बाई, हे तर आमचं मालक!" त्यांच्या नवऱ्याला, उत्तरेश्वरांना, जाऊन चार वर्षं झाली होती. घरात त्यांचा फोटो तेवढा होता, आवाज कुठंच नव्हता. त्या ढसाढसा रडू लागल्या.

डोळे मिटलेल्या विजयसिंहांना याचा पत्ताच नव्हता. कानावर प्रश्न पडताच खानदानी सवयीनं ते गरजले, "दिवाळीच्या आत!"

फाइलीत आबांच्या उत्तराची जागा रिकामी गेली. मग कर्णा म्हणाला, "कंच्या दिवाळीच्या?"

मंडप हसून लोळला. तिकीट गेलं, या भीतीनं विजयसिंहांनी डोळे उघडले. त्यांनी निरीक्षकांकडे पाहिलं, तर त्यांचे डोळे भरून आलेले.

"हुबेहूब आबा!" आबांची भाषणं ऐकलेल्या निरीक्षकांनी त्यांना मिठी मारली. "तोच आवाज, तेच उत्तर. खाण तशी माती! तिकीट तुमचंच."

दोन नंबरची फाइल मग कुणी मागितलीच नाही. सत्यशीलांनी मात्र सोमलिंगला एक नंबर पुन्हा लावायला सांगितली.