गोकुळदासशेटचा अर्धा सत्कार

बसा, चहा येतोय. तोवर पार्से गावच्या नाटकाची गोष्ट सांगतो. पोट धरून हसा, माझी हरकत नाही. पण गोष्ट संपली की मी तुमच्याकडे एक मागणार आहे आणि ते तुम्ही द्यायचं. आधीच सांगून ठेवतो, मग पाठ फिरवायची नाही.

पार्सेचा प्रज्योत म्हापशात औषधांच्या दुकानात कामाला. गोळ्या देता देता पोराला नाटकाचं वेड लागलं. मागच्या साली दुकानातून रजा काढून तो काठमांडूला शिबिराला गेला. तिथे ढाक्याचे, कोलंबोचे, कुठले कुठले नाटकवाले जमलेले. गेला तेव्हा गाल गुळगुळीत होते, आला तो दाढी घेऊन. आणि दाढीबरोबर एक बातमीसुद्धा घेऊन आला. काठमांडूला शेजारपाजारच्या देशांतल्या नाटकांचा मोठा महोत्सव असतो. त्याची नाटकं निवडणारी मनीषा नावाची बाई पार्सेला यायची होती. तिला नाटक आवडलं, की आख्खी मंडळी काठमांडूला.

झालं. मंडळात काम करणाऱ्या गौरवीने शुक्रवारच्या बाजारातून लोकरीचा सेटर आणला. साईशनेही आणला, आणि अंगाला सवय व्हावी म्हणून तो घालूनच तालमीला यायला लागला. एप्रिल महिना. पोरगा काजूच्या बोंडासारखा लाल व्हायचा, पण काढायचा नाही.

नाटक एवढंच. बाप वारलाय. त्याची खुर्ची मधोमध, खुर्चीच्या हातावर त्याची शाल. मुलगा साईश आणि मुलगी गौरवी, दोघांनाही तीत बसायचंय, पण छाती कुणाचीच होत नाही. शेवटपर्यंत खुर्ची रिकामी. ती रिकामी राहिली तरच नाटक.

मंडळातलं जुनं खोड म्हणजे बाबली. दशावतारात त्याने उभा जन्म राजे केले. त्याला प्रज्योत समजावत होता, "बाबलीकाका, पडदा नाही. काठमांडूवाल्यांनी पडदा केव्हाच काढला. ढाक्यात नाटक अंगणात उतरलं. कोलंबोवाले तर लोकांच्या मधेच घुसतात. आपण देवळापुढच्या मांडावर करायचं, लोक चारी बाजूंनी."

बाबलीने विडी विझवली. "दशावतारात पडदो खंय असता रे? एक बाकडा टाकला की झाला सिंहासन. म्हणजे आमी जल्मापासून काठमांडूच म्हण."

"आणि भाषणं नाहीत. सत्कार नाहीत. सात म्हणजे सातला सुरू."

बाबलीचा चेहरा पडला. "सत्कार नाय?"

"जगात कुठेच नसतो, काका. नाटकाच्या आधी शाल-श्रीफळ म्हणजे जेवणाआधी ढेकर."

"बरां. पण मांडावर नारळ ठेवतलंयच. देवाक गाऱ्हाणा घातल्याशिवाय माका जमाचा नाय. तो काठमांडूक नसलो तरी हंय व्हयो."

नारळावर तडजोड झाली. पण बाबलीचा जीव अडकला होता दुसरीकडेच. गावातले काजूचे व्यापारी गोकुळदासशेट. नाटकाला मंडप त्यांचा, दिवे त्यांचे, लोकांना बसायच्या खुर्च्या त्यांच्या. आणि सत्कार दर साली दुसऱ्याचा. एकदा मास्तरांचा झाला, एकदा कीर्तनकारांचा, एकदा तर निवृत्त पोस्टमनचा. शेट पहिल्या रांगेत बसून टाळ्या वाजवायचे आणि घरी जाऊन जेवायचे नाहीत. बायको पद्मावती म्हणायची, "शालच पायजे ना तुमका? थंडीत मी घालतंय ती काय सोलापुरी चादर?" यंदा बाबलीने शेटना शब्द दिला होता. यंदा तुमचाच.

आता शेटना जाऊन नाही म्हणायचं कुणी? बाबलीने अर्जुनाशी युद्ध केलेलं, गरुडाशी केलेलं. पण शेटच्या ओसरीवर त्याची जीभ टाळ्याला चिकटली.

"बाबली, यंदा नक्की ना?" शेटनी विचारलं.

"शेट, तुमी या तर. सगळी वाट बघतली."

एवढंच बोलून तो उठला. खोटं म्हटलं तर खोटं नाही.

नाटकाच्या दिवशी मनीषाबाई आल्या. लहानखुऱ्या, खांद्याला झोळी, तोंडभर हसू. त्यांची हिंदी नेपाळी वळणाची, प्रज्योतची पेडण्याची, पण नाटकवाल्यांचं हातवाऱ्यांवर भागतं. सात वाजता बाबलीने गाऱ्हाणं घातलं, नारळ खुर्चीच्या पायाशी ठेवला आणि नाटक सुरू झालं. गावात आजवर सातचं नाटक नऊच्या आत सुरू झालेलं नव्हतं. तेव्हा शेट घरी आंघोळ करत होते. पद्मावती बायकांबरोबर पुढे आलेली.

शेट निघाले ते सावकाश. पांढरा सदरा, केसांना तेल, खिशात भाषणाचे चार मुद्दे. मांडावर पोचले तर काय बघतात? सगळं गाव चारी बाजूंनी चिडीचूप बसलेलं. मधे एकच दिवा, दिव्याखाली एकच खुर्ची. खुर्चीवर शाल, खुर्चीपाशी नारळ. दोन बाजूंना गौरवी आणि साईश, स्वागताला उभे असल्यासारखे. कोणी हलत नाही, कोणी बोलत नाही.

प्रज्योतने तिथे मोठी शांतता बसवली होती. ढाक्याचे लोक तिला फार मानतात म्हणे. शेटना वाटलं, आपल्यासाठी अडलंय.

त्यांचं मन भरून आलं. "उशीर झालो, माफ करा," ते म्हणाले. "बसा, बसा, उठू नका." उठलं कोणीच नव्हतं. शेट सरळ मधे गेले, खुर्चीत बसले, शाल स्वतःच खांद्यावर घेतली, नारळ उचलून मांडीवर ठेवला आणि लोकांना हात जोडले.

प्रज्योत माडाच्या बुंध्याआड उभा होता. त्याने डोकं बुंध्याला टेकलं ते तसंच ठेवलं.

गौरवी मात्र खमकी. पुढचं वाक्य तिचं होतं, रिकाम्या खुर्चीकडे बघून म्हणायचं. तिने म्हटलं, "बाबा, तुम्ही काहीच का बोलत नाही?"

"बोलतंय गो," शेट म्हणाले. "पण आधी प्रास्ताविक होऊदे."

लोक फिसकन हसले. साईश सेटरात घामाघूम. त्याने पाठ केलेलं तेच पुढे रेटलं, "आमच्यासाठी तुम्ही केलंत काय?"

शेटना हा प्रश्न फार आवडला. "देवळाची कमान केली. शाळेक पंखे दिले. आता ते फिरनत नाय ता सोड. हो मंडप कोणाचो? दिवो कोणाचो? मी बसलंय ती खुर्ची कोणाची?"

"माझी," साईश म्हणाला. नाटकात तसंच होतं.

"तुझी कशी? माझीच. मागे नाव आसा, बघ."

बायकांतून पद्मावतीचा आवाज आला, "अहो, उठा थंयसून. नाटक चालू आसा."

"घरात जल्मभर उठ, उठ. आज हंय बसलंय तर हंयपण उठ?"

आता गाव मोकळं हसायला लागलं. मनीषाबाई पुढे सरकून बसल्या. प्रज्योतने बोटांच्या फटीतून त्यांच्याकडे पाहिलं आणि फट बंद केली. त्याचं काठमांडू तिथेच बुडालं होतं.

शेवट असा होता की साईशने संतापून खुर्ची उचलायची आणि अंधारात घेऊन जायची. दुसरं काही सुचेना, म्हणून त्याने उचलायला घेतली. शेटसकट. ती हलते कसली. शेटनी खुर्चीचे दोन्ही हात घट्ट धरले.

"ओ शेट, उठा ना," साईश दात आवळून पुटपुटला.

"माझो मान झाल्याशिवाय मी उठूचंय नाय," शेट म्हणाले. आवाज मोठा नव्हता. पण तो इतक्या सालांच्या पहिल्या रांगेतून आलेला होता, त्यामुळे हसणारे सगळे एकदम गप्प झाले. गौरवीला काय वाटलं कोण जाणे. ती पुढे झाली, घसरलेली शाल तिने शेटच्या खांद्यावर नीट केली आणि वाकून नमस्कार केला. बाबलीने दिवा घालवला. टाळ्या सुरू झाल्या त्या थांबेनात.

प्रज्योत मांडामागे दगडावर जाऊन बसला. मनीषाबाई शोधत आल्या तर हा उभासुद्धा राहिला नाही. त्या त्याच्यासमोर उकिडव्या बसल्या आणि सांगायला लागल्या. आम्ही पडदा काढला, रंग काढले, ढाक्यात गोष्ट काढली, कोलंबोत बोलणं काढलं. काढत काढत सगळे रिकाम्या खुर्चीपर्यंत आलो. आणि तू तीत खरा बाप आणून बसवलास, जो मेल्यावरही खुर्ची सोडत नाही. हा नट तुला कुठे मिळाला?

प्रज्योतने दाढी खाजवली. "गावातलाच आहे," तो म्हणाला.

"नाटक घेते. पण त्यांच्यासकट. ते नसतील तर नको."

दुसऱ्या दिवशी खल झाला. बाबली म्हणाला, शेट कित्याक व्हये, मी बसतंय. बसला. पहिल्याच वाक्याला त्याने मिशीला पीळ दिला, दुसऱ्याला तलवारीवर हात नेला, तिसऱ्याला "अरे अधमा" म्हणून उठून उभाच राहिला. बाबलीला खुर्चीत बसवणं म्हणजे माकडाला पाट मांडण्यासारखं.

"मग शेटना सांगूया, तुम्ही नट म्हणून चला," प्रज्योत म्हणाला.

"खुळो काय तू?" गौरवी म्हणाली. "नट म्हटल्यार ते पावडर लावून येतले. ते सत्काराची वाट बघतत ना, तीच खरी आसा. ती गेली की सेटर बाजारात परत."

तेव्हा बाबली उठला आणि शेटच्या ओसरीवर गेला. शेट गाल फुगवून बसलेले. शाल मिळाली, नारळ मिळाला, पण दिवाच गेला. ना फोटो, ना भाषण. मुद्दे खिशातच राहिले.

"शेट," बाबली म्हणाला, "काल सत्कार अर्धोच झालो."

"माका ठाऊक आसा."

"उरलेलो आमोण्याक करूचो म्हणतत. मोठो गाव."

शेटनी दुसरीकडे पाहिलं. मग विचारलं, "खुर्ची मधीच ना?"

आमोण्यालाही तो अर्धाच झाला. दिवा पुन्हा नेमका तेव्हाच गेला. मग डिचोलीला. आता शेवटचा, पुरा सत्कार काठमांडूला. परदेशात. शेट सगळीकडे सांगत फिरतात. पासपोर्ट लागत नाही, मतदानाचं कार्ड पुरतं, हे पद्मावतीनेच शोधून काढलं. तिला सगळं ठाऊक आहे. ती म्हणते, घेऊन जावा, माणूस हल्ली घरी येऊन पोटभर जेवतो. तिनेही सेटर घेतलाय.

निघायच्या आधी म्हापशाला एक प्रयोग आहे, येत्या रविवारी. तुम्ही यायचं. नाटक संपलं की शेट शाल घेऊन दाराशी उभे राहतात, तुम्ही जाऊन हात मिळवाल. माझं मागणं तेवढ्यापुरतं. 'काम छान केलंत' म्हणू नका. 'अभिनंदन' म्हणा.