विजयी प्रशिक्षकाच्या स्नानाची योजना

ज्याचा सन्मान करायचा त्याच्या अंगावर काहीतरी टाकायचे, ही प्रथा सर्व सुधारलेल्या समाजांत आढळते. कुठे अक्षता टाकतात, कुठे फुले, कुठे गुलाल. अमेरिकेच्या दक्षिणेत हा विचार आणखी पुढे गेला आहे. तेथे डिसेंबरअखेर कॉलेजांच्या नामांकित फुटबॉल संघांत जे ‘बाउल’ सामने होतात (या फुटबॉलला पाय फारसा लागत नाही), त्यांत जिंकणाऱ्या प्रशिक्षकाच्या डोक्यावर पुरस्कर्त्या कंपनीचा माल पिंपभर ओततात. कुणावर अंड्याची चटणी ओतली गेली आहे, कुणावर वितळलेले चीज. प्रशिक्षक हसतो, बोट चाटतो, आणि त्या वर्षी चटणीचा खप वाढतो. यात गैर काही नाही.

पोर्ट लॅन्ड्री येथील सामन्याला यंदा ‘ग्लगअवे’ या कंपनीने आश्रय दिला. ग्लगअवे तुंबलेली मोरी मोकळी करण्याचे द्रावण तयार करते. द्रावण निळे, दाट आणि दिसायला सुरेख असते.

सामना देशाच्या क्रमवारीतील अठराव्या क्रमांकाचे टॉम्बिगी स्टेट आणि बाविसाव्या क्रमांकाचे वेस्ट ओझार्क यांच्यात ठरला. क्रमांक मिळाल्यानंतर टॉम्बिगीचा मुख्य प्रशिक्षक अधिक श्रीमंत विद्यापीठात गेला. मुख्य चेंडूफेक्या व्यावसायिक संघांकडून होणारी खेळाडूंची निवड जवळ आल्यामुळे गुडघे जपत घरी बसला, आणि आणखी नऊ जण दुसऱ्या कॉलेजांत दाखल झाले. ज्या संघाला अठरावा क्रमांक मिळाला होता तो संघ येऊ शकला नाही. क्रमांक मात्र वेळेवर हजर झाला. संघाची सूत्रे हंगामी म्हणून सहायक प्रशिक्षक रेफर्ड टटल यांच्याकडे आली. जिंकलास तर नेमणूक कायम, असे त्यांना तोंडी सांगण्यात आले.

त्यांच्या पत्नी डॉ. मरिएट टटल त्याच विद्यापीठात रसायनशास्त्र शिकवतात. त्यांनी दुकानातून ग्लगअवेची एक बाटली आणली आणि मागची बाजू वाचली. (बाटलीची मागची बाजू वाचणाऱ्यांचे प्रमाण सामना भरवणाऱ्या समितीच्या अंदाजानुसार हजारी दोन आहे. त्यांतला एक वकील असतो.) मग त्यांनी कोंबडीचा पाय काचेच्या भांड्यात घालून त्यावर द्रावण ओतले आणि भांडे जेवणाच्या टेबलावर ठेवले.

रेफर्डनी बराच वेळ पाहिले. “हाड शिल्लक आहे की,” ते म्हणाले.

“तुझंही राहील.”

“मरिएट, बावीस वर्षं मी दुसऱ्यांच्या मागे डावपेचांच्या कागदांची फळी धरून उभा राहिलोय. डोळे घट्ट मिटीन. दोन मिनिटांचा तर प्रश्न आहे.”

“दोन मिनिटांचाच आहे,” मरिएटबाई म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी त्या समितीचे अध्यक्ष हॉलिस प्रुइट यांना भेटल्या. प्रुइट अत्यंत मनमिळाऊ गृहस्थ. त्यांनी गोड चहा मागवला आणि सगळे ऐकून घेतले.

“मॅडम, तुमची काळजी मला समजते हो. आमची हीपण घरात हातमोजे घालूनच वापरते.”

“मग त्याऐवजी निळा रंग घातलेलं साखरेचं पाणी ओता.”

प्रुइट गंभीर झाले. “म्हणजे लोकांना फसवायचं? जाहिरातीत दाखवलेला माल खरा हवा, असा कायदा आहे. आम्ही देवाला भिऊन वागणारी माणसं आहोत, मॅडम.”

“निदान पाणी तरी मिसळा.”

“बाटलीवर लिहिलंय ना, पाणी न मिसळता वापरावे!” (मागच्या बाजूचे एवढे वाक्य समितीने वाचले होते.)

अखेर समितीने उदार मनाने तीन सुधारणा मंजूर केल्या. प्रशिक्षकाला पोहण्याचा चष्मा मिळेल. स्नानापूर्वी प्रार्थना होईल. आणि पिंपाला कंपनीचे बोधचिन्ह चिकटवणार होते ते आता रंगवण्यात येईल, कारण चिकटवलेले टिकत नव्हते.

मरिएटबाईंपुढे आता एकच मार्ग उरला होता: रेफर्ड हरणे. परंतु पत्नीने असे इच्छिणे बरे नव्हे. शिवाय तसे झाले तर पिंप वेस्ट ओझार्कच्या प्रशिक्षकावर, ब्युफोर्ड क्लेग यांच्यावर, रिकामे होणार होते. धोक्याची माहिती प्रयोगातील दोन्ही गटांना सारखीच दिली पाहिजे, हे त्यांना विद्यार्थिदशेपासून शिकवलेले. त्यांनी क्लेग यांच्या पत्नीला, लुऍनला, फोन केला आणि कोंबडीच्या पायाची हकिगत सांगितली.

“अगं बाई!” लुऍन म्हणाली. “आमचे हे तर बिनकेसांचे गं!”

शास्त्रीय प्रामाणिकपणाचा परिणाम सामन्यात दिसला. क्लेग यांनी हरण्यासाठी जिवाचे रान केले. पुढे धावायचे तेथे मागे धावायला सांगितले, चेंडू ठेवायचा तेथे लाथाडून दिला. समालोचकांनी याला ‘संयमी डावपेच’ म्हटले. परंतु बाटलीविषयी क्लेग यांच्या संघातल्या पोरांना कोणी सांगितले नव्हते. ती मनापासून खेळत राहिली आणि शेवटचे मिनिट उरले तेव्हा तीन गुणांनी पुढे होती.

अशा वेळी पुढे असलेला संघ गुडघा टेकतो आणि वेळ संपू देतो. हे त्या भागात तान्ह्या बाळालाही ठाऊक असते. क्लेग यांनी चेंडू लांब फेकण्याची आज्ञा केली.

“फेकू?” त्यांच्या चेंडूफेक्याने विचारले. “सर, आपण जिंकतोय!”

“फेक म्हणतो ना! लांब फेक, आणि त्या पिवळ्या सदऱ्याकडे फेक!”

पिवळे सदरे टॉम्बिगीचे होते. चेंडू झेलला गेला, झेलणारा साठ यार्ड पळाला, आणि टॉम्बिगी जिंकले. समालोचकांनी क्लेग यांच्या धाडसाचे कौतुक केले. क्लेग गुडघ्यांवर बसून रडले. ते दुःख असावे, असे सर्वांनी धरून चालले.

रेफर्डना चष्मा देण्यात आला. पाद्रीबुवांची प्रार्थना झाली. दोन धिप्पाड खेळाडू हातमोजे घालून पिंप घेऊन निघाले, आणि त्यांच्या व रेफर्डच्या मध्ये मरिएटबाई येऊन उभ्या राहिल्या.

“बाजूला हो,” रेफर्ड हळूच म्हणाले. “मरिएट, माझी नोकरी आहे ही.”

त्या हलल्या नाहीत. पुढचा खेळाडू त्यांच्या वर्गातला होता, त्याच विषयाला दुसऱ्यांदा बसलेला.

“मॅडम, सरका ना प्लीज. टीव्हीवाले थांबलेत.”

“टेरेल, पिंपात काय आहे?”

“बेस, मॅडम. कडक अल्कली.”

“आणि बेस चरबीला लागला की काय होतं?”

टेरेलने आकाशाकडे पाहिले. “परीक्षेत आहे का हे?”

“आहे.”

“साबण,” टेरेल म्हणाला. मग त्याने सरांकडे पाहिले, त्यांच्या सुटलेल्या पोटाकडे पाहिले, आणि पिंप अलगद खाली ठेवले.

तेवढ्यात पन्नास हजार लोक उभे राहिले आणि एका सुरात ओरडू लागले, “ओत! ओत! ओत!” त्यांत आजीबाई होत्या, कडेवरची मुले होती, एक दंतवैद्यांची संघटना होती. कोणीही ओतले नाही. लोक बाटल्या फेकत घरी गेले.

जानेवारीत टॉम्बिगीच्या प्रशिक्षकपदी दुसऱ्याची नेमणूक झाली. मुलाखतीत एकच प्रश्न होता, आणि त्याने त्याला चष्म्याशिवाय होकार दिला. रेफर्ड यांची कातडी शाबूत असून ते ती घेऊन दिवसभर अंगणात बसतात. मरिएटबाईंशी ते गरजेपुरते बोलतात. गरज थोडी आहे.

समितीने प्रेक्षकांची पाहणी केली. ‘प्रशिक्षक सुखरूप राहिल्याचा आनंद झाला का?’ यास शंभर टक्के लोकांनी होय म्हटले. ‘शेवट अपुरा वाटला का?’ यासही त्र्याऐंशी टक्क्यांनी होय म्हटले. (उरलेले सतरा टक्के लोक गाड्या लवकर काढता याव्यात म्हणून आधीच निघून गेले होते.) या दोन उत्तरांत समितीला विसंगती आढळली नाही. पुढील वर्षी पिंप दुप्पट मोठे असेल.

आपण स्वतः इथवर वाचत आलात ते केवळ रेफर्ड वाचावा म्हणून, यावर समितीचा पूर्ण विश्वास आहे. त्या त्र्याऐंशी टक्क्यांनीही शेऱ्याच्या जागी अगदी हेच लिहिले आहे.